बोळाचा मालक

श्यामकांत आगट्यांच्या फाटकावरची पाटी आधी वाचावी, म्हणजे माणूस निम्मा तिथेच कळतो. ‘एस. डी. आगटे, भारत सरकार (निवृत्त)’. वाचणाऱ्याला वाटावं, सरकारच निवृत्त होऊन फरीदाबादेत राहायला आलंय. प्रत्यक्षात हा गृहस्थ दिल्लीतल्या एका मंत्रालयात जन्मभर फायलींवर ‘चर्चा करावी’ असं लिहीत बसला आणि एकही चर्चा न करता घरी आला. त्यांची बायको सुनयना दर दिवाळीला ही पाटी पुसते. पुसताना कंसातल्या शब्दावर फडकं जरा जास्तच जोरात फिरतं.

सुनयनाला विचारलं तर ती नवऱ्याला वाईट माणूस म्हणणार नाही. वाईट व्हायलाही थोडी धमक लागते. श्यामकांतरावांच्यात होता तो नुसता किडकेपणा. शेजारच्या सिंगसाहेबांच्या कुंड्यांचं पाणी आपल्या भिंतीला लागतं म्हणून तक्रार. कचऱ्याच्या गाडीवरचं गाणं फार मोठं वाजतं म्हणून तक्रार. दूधवाल्या पोराने ‘सर’ न म्हणता ‘अंकल’ म्हटलं म्हणून त्याच्याशी कायमचा अबोला, आणि मग दूध आणायला डेअरीवर कोण जाणार, तर बायको. ऑफिसात ह्यांना कोणी विचारलं नाही, त्याचा सगळा सूड हा माणूस कॉलनीवर उगवत होता, आणि कॉलनीला त्याचा पत्ताही नव्हता.

मराठी म्हटलं की मात्र त्यांना वेगळाच चेव चढायचा. दिल्लीतल्या मंडळाच्या गणपतीत माइक हातात आला की दिल्लीच्या मराठी मुलांची भाषा कशी बिघडली यावर ते आरती लांबेपर्यंत बोलायचे. मुलगा उन्मेष गुडगावला राहतो, त्याची मुलगी अनुष्का एकदा रविवारी निघताना दारातून ओरडली, “चलो आजोबा, मी जाते!”

“जाते नाही!” श्यामकांतराव खुर्चीतून अर्धे उठले. “घरातून निघताना जाते म्हणतात का कधी? अशुभ असतं. येते म्हणावं.”

“पण मी तर जातेय ना, यार.”

“तरी येते म्हणायचं. जातो तो मेलेला माणूस. याला संस्कृती म्हणतात, समजलं?”

“ओके, येते,” असं म्हणून पोरगी गेली. सुनयनाला त्या दिवशी वाटलं होतं, चला, लग्न झाल्यापासून एकदा तरी हा माणूस बरोबर बोलला. तेच वाक्य पुढे कुठे उपयोगी पडणार आहे याची तेव्हा तिला कल्पना नव्हती, आणि त्यांना तर कशाचीच नसते.

आता बोळाबद्दल. तीसेक वर्षांपूर्वी या कॉलनीत प्लॉट पडले तेव्हा आजूबाजूला सगळी सरसोंची शेतं होती. श्यामकांतरावांनी रस्त्याला लागून पुढचा प्लॉट घेतला. मागचा घेतला दीनानाथांनी. ते इथल्याच एका कारखान्यात टूलरूममध्ये होते, ओळख मंडळातली. “पीछे से चालीस फुट की रोड आ रही है जी,” असं प्लॉट विकणाऱ्याने छातीवर हात ठेवून सांगितलं होतं. रोड काही आली नाही, नाला आला. तेव्हा दीनानाथ आणि त्यांची बायको प्रभावती यांनी आगट्यांच्या घराच्या कडेने, स्वयंपाकघराच्या खिडकीखालून जाणारा सहा फुटी बोळ धरला आणि त्यातून जायला-यायला लागले. बोळ कागदोपत्री आगट्यांचा होता. पण त्यात विटा अंथरल्या त्या दीनानाथांनी, स्वतः उकिडवे बसून. दिवा लावला त्यांनी, पावसाचं पाणी तुंबलं की काढलं त्यांनी. मालकाने त्या बोळासाठी कधी केलं काय, तर संध्याकाळी त्यात उभं राहून दात कोरले.

सुनयनासाठी तो बोळ म्हणजे तिचा शेजार होता. प्रभावतीवहिनी भाजीला निघाल्या की खिडकीशी थांबायच्या. आज काय, भेंडी? गवार कुठे मिळाली? करोल बागेत सेल लागलाय म्हणे. मग पिशवी सावरून म्हणायच्या, “बरं, येऊ का?” आणि आतून सुनयना म्हणायची, “या हं, वहिनी.” हे इतकं रोजचं होतं की त्याच्याकडे कोणी लक्ष देऊन ऐकलंही नसेल. दीनानाथ करोनाच्या दुसऱ्या लाटेत गेले, तेव्हाही तेराव्यानंतर वहिनी पहिल्यांदा बाहेर पडल्या त्या खिडकीशी थांबूनच. बोलणं काही झालं नाही. फक्त “येऊ का?” आणि “या.”

मग श्यामकांतरावांनी गाडी घेतली. चालवायची म्हणून नाही, सिंगसाहेबांकडे होती म्हणून. फरीदाबादला गाडी घेणं सोपं, लावणं अवघड. दारासमोर कोणाची ना कोणाची गाडी उभी असायचीच, आणि मग रोज संध्याकाळी ‘किसकी है ये गाड़ी?’ असा ह्यांचा पुकारा. एके दिवशी त्यांची नजर बोळावर गेली. बोळ आपला. कागदावर आपला.

“अहो, सहा फुटांत गाडी घुसली तरी दार कुठून उघडणार?” सुनयनाने विचारलं. “तुम्ही काय डिकीतून उतरणार आहात?”

श्यामकांतरावांनी दुसऱ्या दिवशी टेप लावून मोजलं. बायकोचं म्हणणं खरं निघालं. कोणी दुसरा असता तर त्याने हसून सोडून दिलं असतं. हे आत आले, पाणी प्यायले आणि म्हणाले, “प्रश्न गाडीचा नाहीच आहे. प्रश्न तत्त्वाचा आहे.” गाडी मावली असती तर तत्त्व आठवलंही नसतं.

प्रभावतीवहिनी गुडघे दाखवायला दिल्लीच्या हॉस्पिटलात गेल्या होत्या, तो दिवस या तत्त्वनिष्ठ माणसाने निवडला. वेल्डर बोलावला, बोळाच्या तोंडाशी लोखंडी गेट ठोकलं, कुलूप घातलं आणि चावी कुठे ठेवली? जानव्याला. दुपारी वहिनी ई-रिक्षातून वॉकर घेऊन उतरल्या तो समोर गेट. वरून गॅलरीतून आवाज आला, “वहिनी, मागून या. नाल्याकडून. तीही वाटच आहे.”

नाल्याकडची वाट म्हणजे चिखल आणि डुकरं. चांगल्या पायांचा माणूसही तिथून जाताना देवाचं नाव घेतो. सुनयना मागच्या दाराने धावली, वॉकर चिखलातून उपसत उपसत वहिनींना घरी पोचवलं. डॉक्टरांनी सांगितलं होतं, आता पडायचं नाही, पडलात तर उठणं कठीण. म्हणजे बोळ बंद झाला तर या बाईला आपल्याच घरात कोंडून घ्यावं लागणार, इतका साधा हिशेब होता. सुनयना साडीचा काठ चिखलाने माखून परत आली, तेव्हा बोळाचे मालक चहाची वाट बघत बसले होते. म्हणाले, “चपला बाहेर काढ.”

त्या क्षणी सुनयनाच्या मनातून हा माणूस उतरला. आधीही फार वर चढलेला होता अशातला भाग नाही.

गंमत अशी की प्रभावतीवहिनी, ज्यांनी जन्मात कधी भाजीवाल्याशी घासाघीस केली नाही, त्यांनी सरळ कोर्टात दावा लावला. निकाल लागेपर्यंत गेट उघडं ठेवा असा हुकूम मिळाला. गेट उघडं राहिलं, कडीला कुलूप नुसतं लोंबत राहिलं. वहिनी वॉकर टेकत पुन्हा बोळातून जाऊ लागल्या, आणि खिडकीशी थांबूही लागल्या. नवऱ्यांच्या भांडणात बायकांनी पडू नये असं म्हणतात. इथे तर एका बाजूला नवराच उरला नव्हता. श्यामकांतराव मात्र फुलले होते. ऑफिसात कधी न मिळालेलं महत्त्व त्यांना आता ‘प्रतिवादी’ म्हणून मिळालं होतं. तारखेच्या दिवशी ते सूट घालायचे. उन्हाळ्यात.

त्यांची फोनवर बोलायची पद्धत अशी की स्पीकर चालू, म्हणजे आपण मोठ्या माणसांशी बोलतो हे घराला कळावं. एका सकाळी वकीलसाहेबांचा फोन होता आणि सुनयना पोळ्या लाटत ऐकत होती.

“देखिए आगटे साहब, बात सीधी है। बीस साल से ऊपर कोई अपने हक़ से निकलता रहे, तो रास्ते का हक़ पक्का। लेकिन आपकी इजाज़त से निकले, तो चाहे सौ साल निकले, हक़ नहीं बनता। आपसे इजाज़त ली थी कभी? कोई लिखत, कोई बात?”

“वैसे तो... नहीं,” श्यामकांतराव पडेल आवाजात म्हणाले.

तेवढ्यात खिडकीशी वॉकर टेकल्याचा आवाज झाला. वहिनी दवाखान्यात निघाल्या होत्या. कालचं वरण उतू गेलं वगैरे दोन शब्द झाले आणि त्या म्हणाल्या, “बरं, येऊ का?”

“या हं, वहिनी,” सुनयना म्हणाली.

श्यामकांतराव खुर्चीतून ताडकन उठले. “वकीलसाब! लेती है! रोज़ लेती है इजाज़त! अभी ली, मेरे सामने! हमारी मराठी में बोली, ‘येऊ का?’ मतलब ‘आऊँ क्या?’ और मेरी मिसेस ने बोला ‘या’। मतलब ‘आइए’!”

“लो जी!” पलीकडून मांडीवर थाप पडल्याचा आवाज आला. “फिर तो केस ही ख़तम है। भाभीजी को गवाही में लाओ।”

सुनयनाच्या हातातलं लाटणं थांबलं. तव्यावरची पोळी करपली. फोन बंद झाल्यावर ती म्हणाली, “अहो, त्या निघाल्या होत्या. निघताना म्हणतात ते. त्यात कसली परवानगी?”

“मला मराठी शिकवू नकोस. शब्दाला शब्द लाव. येऊ म्हणजे आऊँ, का म्हणजे क्या. चुकतंय कुठे?”

“मग अनुष्काला काय शिकवलंत?”

“ते घरातलं. हे कोर्ट आहे.”

एवढं बोलून ते पेपर वाचायला बसले. सुनयना त्यांच्या टकलाकडे बघत राहिली. माणूस बोळ चोरतो हे समजू शकतं, जमीन कोणीही चोरतो. पण दोन बायकांच्या तोंडातला निरोप चोरायचा, तोही ज्यांना आपली भाषा येत नाही अशा लोकांना फसवून? तिला शिसारी आली. मंडळात माइकवरून हाच माणूस मराठी वाचवत होता.

त्यांचं प्रतिज्ञापत्र कोर्टात गेलं आणि चारच दिवसांत बोळ मुका झाला. वॉकरचा आवाज यायचा, खिडकीखालून जायचा, थांबायचा नाही. एकदा सुनयनाने गजातून हाक मारली, “वहिनी, रागावलात?”

प्रभावतीवहिनी थांबल्या, पण मान वर केली नाही. “रागावले नाही हो, सुनयनाबाई. वकीलबाईंनी सांगितलंय, खिडकीशी काही बोलू नका. बोललं की ते त्यांच्या कामी येतं.” आणि तशाच निघून गेल्या. निघताना काहीच म्हणाल्या नाहीत. सुनयना ओट्याशी उभी राहून रडली. मग तोंड धुतलं आणि तिला इतका संताप आला की भाजीत मीठ दोनदा पडलं. श्यामकांतरावांनी मुकाट्याने खाल्लं, कारण त्यांना तिची साक्ष हवी होती.

साक्षीचं प्रतिज्ञापत्र वकिलाने टाइप करून आणलं. वादी रोज खिडकीशी थांबून ‘येऊ का’ असं विचारत असे, त्याचा अर्थ ‘आऊँ क्या’ असा होतो, मी ‘या’ म्हणत असे, त्याचा अर्थ ‘आइए’ असा होतो, त्यानंतरच ती पुढे जात असे.

“झूठ तो एक अक्षर नहीं है, भाभीजी,” वकीलसाहेब म्हणाले.

खरंच नव्हतं. प्रत्येक वाक्य खरं आणि सगळं मिळून खोटं, असा कागद तिने पहिल्यांदाच पाहिला. तिने सही केली. सही नाकारली असती तर घरात बोलणी खाऊन विषय संपला असता, आणि तिला कोर्टात उभं राहायचं होतं. श्यामकांतराव इतके खूष झाले की तारखेला कुठली साडी नेसावी हेही त्यांनीच सांगितलं. तिने दुसरी नेसली.

फरीदाबादच्या कोर्टातली ती खोली माणसांनी आणि पंख्यांच्या घरघरीने भरलेली होती. प्रभावतीवहिनी बाकाच्या टोकाला वॉकर पुढ्यात घेऊन बसल्या होत्या. त्यांची वकील, एक तरतरीत हरियाणवी मुलगी, उलटतपासणीला उभी राहिली. तिला मराठीचा गंध नव्हता, पण डोकं होतं.

“आपने ‘या’ बोला?”

“बोला।”

“मतलब ‘आइए’?”

“हाँ जी।”

मागे सूटमधल्या श्यामकांतरावांनी मान डोलावली.

“तो ये आपके घर आ जाती थीं?”

“नहीं,” सुनयना म्हणाली. “सब्ज़ी लेने जाती थीं।”

कोणीतरी फिस्सकन हसलं. जजसाहेबांनी कागदातून डोकं वर केलं. “एक मिनट। ‘आऊँ क्या’ पूछती थीं, और चली जाती थीं?”

“जी साहब। हम लोग निकलते टाइम ‘जाती हूँ’ नहीं बोलते। अशुभ होता है। जो मर जाता है, वो जाता है। बाक़ी सब लोग ‘येते’ बोलते हैं, मतलब लौटके आती हूँ। ‘येऊ का’ भी वही है, मतलब अच्छा, चलती हूँ। और मैं ‘या’ बोलती हूँ, मतलब सही-सलामत लौट आइए।” तिचा आवाज आता चढला होता. “इजाज़त देनेवाली मैं कौन? इतने बरस इसी गली से निकले हैं ये लोग। ईंटें भी इनके मिस्टर ने लगाईं, अपने हाथ से। किसी ने किसी से कुछ नहीं पूछा, साहब।”

श्यामकांतरावांचे वकील लगबगीने उठले. “जनाब, गवाह अपनी तरफ़ से मतलब निकाल रही है! लफ़्ज़ का सीधा मतलब...”

“वकील साहब,” जज म्हणाले, “हमारे यहाँ लाला शाम को दुकान बंद नहीं करता, दुकान बढ़ाता है। आप सीधा मतलब निकालेंगे तो रात को ग्राहक बनके पहुँच जाएँगे।” या वेळी सगळी खोली हसली. मग त्यांनी सुनयनाकडे वळून विचारलं, “आपके पति को मराठी नहीं आती क्या?”

“बहुत आती है, साहब। पोती को ये वाली बात इन्होंने ही सिखाई थी।”

मागे बसलेल्या श्यामकांतरावांनी मान खाली घालून सूटचं बटण लावलं. ते आधीच लावलेलं होतं, म्हणून काढलं, आणि पुन्हा लावलं. खाली उतरताना सुनयनाची प्रभावतीवहिनींशी नजरानजर झाली. वहिनींनी वॉकर जरा बाजूला सरकवून तिला वाट करून दिली.

परतताना गाडीत श्यामकांतराव म्हणाले, “भर कोर्टात नवऱ्याचं नाक कापलंस.” गाडी घरासमोर आली तेव्हा तिथे सिंगसाहेबांची गाडी उभी होती, आणि ह्यांना दोन गल्ल्या पलीकडे लावून चालत यावं लागलं.

निकाल लागला तो प्रभावतीवहिनींच्या बाजूने. बोळातून जाण्या-येण्याचा त्यांचा हक्क, गेट काढून टाकावं. काढायला तोच वेल्डर आला, आणि चांगला हसत हसत आला. उन्मेषने फोनवरून सांगितलं, “बाबा, प्लीज, अब बस करो.” बाबा म्हणाले, चंदीगडला हायकोर्टात अपील करीन. अजून केलेलं नाही. बहुधा ते त्यावर चर्चा करणार असावेत. गेट त्यांनी गच्चीवर ताडपत्रीखाली जपून ठेवलंय, आणि कुलपाची चावी अजून जानव्यालाच आहे. अंघोळीला बसलं की ती बादलीवर किणकिण वाजते.

गेट निघाल्याच्या दुसऱ्या दिवशी वॉकरचा आवाज खिडकीखाली आला आणि थांबला.

“आज काय, पालक?” प्रभावतीवहिनींनी विचारलं.

“पालकच. थांबा, मीही येते तुमच्याबरोबर. कोथिंबीर संपलीय.”

सुनयनाने गॅस बंद केला, पिशवी घेतली, चपला घातल्या. श्यामकांतराव दिवाणखान्यात टीव्हीसमोर बसले होते. तिच्याकडे न बघता त्यांनी आवाज वाढवला. दाराशी पोचल्यावर ती वळली आणि नेहमीच्याच आवाजात म्हणाली,

“जाते.”

टीव्हीचा आवाज एकदम बंद झाला. “काय म्हणालीस?”

“जाते.”

“अगं, भलतंच काय बोलतेस! या वयात! येते म्हण.”

“का? येते म्हटलं की परवानगी मागितल्यासारखं होतं. कोर्टात सांगितलंत ना तुम्ही. मी आपली निघालेय, म्हणून जाते म्हणाले. शब्दाला शब्द लावा. चुकतंय कुठे?”

“सुनयना, हे बघ, असं नसतं...” ते उठून उभे राहिले होते, आणि त्यांचा चेहरा पांढरा पडला होता. जन्मभर लोकांना घाबरवायचा प्रयत्न केलेल्या माणसाला खरी भीती कशी दिसते हे तिने त्या दिवशी पाहिलं. तिला दया आली नाही. तिने दार ओढून घेतलं आणि बोळाच्या तोंडाशी उभ्या असलेल्या वहिनींची पिशवी आपल्या हातात घेतली.

तेव्हापासून ती घरातून निघाली की रोज ‘जाते’ असंच म्हणते. दुधाला, भाजीला, मंडळात, कुठेही. आणि ती परत येईपर्यंत भारत सरकार (निवृत्त) टीव्ही बंद करून दाराकडे डोळे लावून बसलेलं असतं.